पॅराडॉक्सवाली थिअरी रचताय? आधी हे बघा

तुमच्या गोष्टीतला प्रोफेसर 'हे वाक्य खोटं आहे' हा पॅराडॉक्स (खरं मानलं तर खोटं ठरतं, खोटं मानलं तर खरं) सोडवणारी थिअरी मांडणार, असं धरून बोलतोय. त्याची थिअरी नुसती 'स्वतःबद्दल बोलणारी वाक्यं बॅन' एवढीच असेल ना, तर ती लगेच पडेल, कारण 'हे वाक्य मराठीत आहे' हेही स्वतःबद्दलच बोलतं आणि त्यात काहीच लोचा नाहीये. टार्स्की या तर्कशास्त्रज्ञाने १९३३ मध्ये भाषेचे वेगवेगळे मजले केले, म्हणजे खालचं वाक्य खरं की खोटं हे वरच्या मजल्यावरूनच बोलायचं, काम चोख आहे पण रोजच्या बोलण्यात हे पाळतंय कोण! क्रिपके या तत्त्वज्ञाने १९७५ मध्ये काही वाक्यं ना खरी ना खोटी अशी लटकत ठेवली, मला तरी हे जास्त पटतं. पण मग 'हे वाक्य खरं नाही' घ्या, लटकतंय म्हणजे खरं नाही, आणि तेच तर ते म्हणतंय, परत गोची. तुमच्या थिअरीत आधी हेच वाक्य टाकून बघा, भारदस्त नाव-बिव नंतर ठेवा.