पं. विष्णु नारायण भातखंड्यांनी जुन्या बंदिशी जमवून संगीताचं भलं केलं, की घराण्यांचा माल छापून गाणं पुस्तकी करून टाकलं? नवशिक्याने त्यांची क्रमिक पुस्तकं (स्वरलिपीसकट छापलेल्या बंदिशींचे सहा भाग) घ्यावीत का?

'घराण्यांचा माल' हे शब्द मी गेली 22 वर्षं एकाच माणसाच्या तोंडून ऐकतेय, त्यामुळे आधी वाटलं हा प्रश्न त्यानेच नाव बदलून टाकलाय. माझा गुरुबंधू आहे तो. असो, तुम्ही तो नसाल असं धरून लिहिते.

मी एका तालुक्याच्या गावात गाणं शिकले. गुरुजींचं नाव लिहीत नाही, ते आता नाहीत आणि गळा खरंच सोन्याचा होता त्यांचा. पण बिहाग रागाचा एक छोटा ख्याल (जलद लयीतली बंदिश) दिला आणि आठ महिने नुसती स्थायी, म्हणजे बंदिशीचा पहिला भाग. अंतरा, म्हणजे दुसरा भाग, मागितला की "आधी स्थायी बसू दे गळ्यात". बसली हो, झोपेत म्हणत होते मी! दादा (तोच गुरुबंधू) शेजारी तानपुऱ्यावर, त्याला अंतरा येत होता, पण तोही सांगायचा नाही. मग एकदा पुण्याला मावशीकडे गेले होते तेव्हा अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांच्या ढिगात क्रमिकचा तिसरा भाग मिळाला, हाथरसवाल्यांचा हिंदी, पाठीचा पुठ्ठा गेलेला. उघडला तर बिहागात तीच चीज (म्हणजे बंदिश), अंतऱ्यासकट. तीन रात्री पेटी घेऊन बसले आणि सोमवारी क्लासमध्ये स्थायी संपल्यावर न थांबता अंतरा म्हणून टाकला.

गुरुजींनी पेटीचा भाता लावून टाकला. "कुठून आणलंस?" मी सांगितलं. म्हणाले, "मग जा, पुस्तकालाच गंडा बांध." (गंडा म्हणजे गुरू-शिष्याचं नातं जोडताना बांधतात तो धागा.) दादा हसला. ते हसणं मी विसरलेले नाही, आणि हे उत्तर एवढं लांबतंय ते त्याच्यामुळेच.

आता भातखंडे. हा माणूस वकील होता, पोटासाठी गाण्यावर अवलंबून नव्हता. एलएलबी केलं, काही काळ कराचीत वकिली केली, मुंबईत पारशी मंडळींच्या गायन उत्तेजक मंडळीत शिकला, शिकवलं. बायको गेली, मग मुलगीही गेली आणि त्यानंतर उरलेलं आयुष्य यातच घातलं. 1904 ला दक्षिणेत गेला, तिथे जुना संगीतशास्त्रकार व्यंकटमखीच्या 72 मेळांची (रागांच्या मूळ स्वरसप्तकांची) पोथी हाती लागली, मग उत्तरेत गावोगाव, जुने ग्रंथ उतरवून घेत आणि उस्तादांच्या पायऱ्या झिजवत. मनरंग या जुन्या ख्याल-रचनाकाराच्या परंपरेतल्या मोहम्मद अली खाँसाहेबांच्या घरातून कितीतरी चिजा मिळवल्या, फोनोग्राफवर गाऊन घेतल्या. रामपूरला वजीर खाँसाहेबांचा शागीर्द झाला. चोरीच करायची असती तर पन्नाशीच्या आसपास कोणाचा शागीर्द कशाला झाला असता? आणि जमवून बसला नाही, क्रमिकच्या सहा भागांत 1800 च्या आसपास बंदिशी छापून टाकल्या, शेवटचे दोन भाग तर 1936 ला तो गेल्यावर आले. स्वतःही बांधल्या, लक्षणगीतं म्हणजे रागाचे नियमच चिजेत बसवलेले, त्यात 'चतुर' ही मुद्रा (रचनाकाराचं टोपणनाव) दिसली की समजायचं हे पंडितजींचं. मी मुलांना अजून तीच देते, वादी-संवादी (रागाचे दोन मुख्य स्वर) वेगळं घोकून घ्यावं लागत नाही.

थाटांवरून (रागांचे स्वरांवरून पाडलेले गट) त्यांना झोडपणारे लोक बहुतेक वेळा पुस्तक न वाचताच झोडपतात. भूप आणि देसकार हे राग, स्वर तेच पाच, तरी एक कल्याण थाटात ठेवलाय आणि एक बिलावल थाटात. नुसते स्वर मोजणारा माणूस असं करेल का?

बरं, आता जे दादाला मी कधी बोलून दाखवलं नाही ते लिहिते. पुस्तकातला माझा तो अंतरा चुकीचा नव्हता पण वाळका होता. कोमलला खाली आडवी रेघ, तीव्र मध्यमाच्या डोक्यावर उभी रेघ, समेला (तालाच्या पहिल्या मात्रेला) फुली, कणस्वर (ओझरते लागणारे स्वर) बारीक अक्षरात वर, सगळं छापलंय, पण बिहागात तो तीव्र मध्यम किती चोरटा लावायचा हे कुठे छापणार? ते मला नंतर गुरुजींकडूनच कळलं (हो, परत गेले मी, दोन महिन्यांनी, पेढे घेऊन). आणि बंदिशीच्या वर राग-ताल असतो, देणाऱ्याचं नाव नसतं. ही तक्रार खरी आहे, घराण्यातली माणसं चिडली त्यात नवल नाही. शिवाय एक पाठ छापला गेला की बाकीचे पाठ 'चूक' ठरायला लागतात, परीक्षेत तर फारच.

पण न छापल्याने काय होतं तेही बघा. गुरुजींची लाल कापडी बांधणीची वही होती, चाळीसेक चिजा, त्यातल्या निम्म्या तरी मी इतर कुठेच ऐकलेल्या नाहीत. गुरुजी गेले तेव्हा वही दादाने नेली. मी झेरॉक्स मागितली, म्हणाला बघू. नंतर म्हणाला वाळवी लागलीय, थोडीच पानं राहिलीत. थोडीच म्हणजे किती ते सांगत नाही.

तर पुस्तकं घ्या. दुसरा आणि तिसरा भाग आधी, पहिला अगदीच प्राथमिक आहे. चीज पुस्तकातून पाठ करा पण म्हणून दाखवायला कोणीतरी कान असलेला माणूस शोधा, आणि तो अंतरा द्यायला टाळाटाळ करत असेल तर दुसरा शोधा. मराठी जमत असेल तर 'हिंदुस्थानी संगीत पद्धती'चे चार भागही वाचा, गुरू-शिष्याच्या गप्पांसारखे लिहिलेत, हिंदीपेक्षा मुळातूनच मजा आहे.

आणि दादा, तू हे वाचणार मला माहितीय, कोणीतरी ग्रुपवर टाकेलच. जौनपुरीतली ती झपतालातली चीज सहाही भागांत नाही, मी दोनदा शोधलंय. स्थायी माझ्याकडे आहे. अंतऱ्याचं पान वाचलं असेल तर फोटो पाठव.