ब्रिगिटे मिरा कोण होत्या? त्यांचं कोणतं काम आधी पाहावं?

आधी जर्मन दिग्दर्शक फासबिंडरचा १९७४ सालचा चित्रपट 'आंग्स्ट एसन झेले आउफ' पाहा. जर्मन अभिनेत्री मिरा (१९१०–२००५) मूळच्या हॅम्बुर्गच्या. उमेदीची वर्षं ऑपेरेटा (हलकीफुलकी संगीतनाटकं), कॅबरे आणि विनोदी भूमिकांत गेली. अभिनेत्री म्हणून खरी ओळख मिळाली ती साठी उलटल्यावर! या चित्रपटात त्या एमी नावाची विधवा सफाई कामगार आहेत. पावसामुळे बारमध्ये शिरलेली एमी तिच्याहून कितीतरी तरुण मोरोक्कन कामगाराबरोबर नाचते, तो प्रसंग अजिबात चुकवू नका. संकोच आणि आनंद एकाच चेहऱ्यावर दिसतात. याच भूमिकेसाठी त्यांना जर्मन चित्रपट पुरस्कार मिळाला. पुढे 'द्राय डामेन फॉम ग्रिल' या मालिकेतली, बर्लिनमध्ये सॉसेजची टपरी चालवणारी आजी म्हणून त्या घराघरांत पोचल्या.