बुडापेस्टमध्ये जेवणासोबतचं वाइन टेस्टिंग घेण्यासारखं आहे का?

तुम्ही विचारलंय की जोडीने चार दिवस बुडापेस्टला येताय, आजवर फक्त नाशिकची वाइन प्यायलात, हंगेरीच्या वाइनची काहीच माहिती नाही आणि पत्नी शाकाहारी आहे. मग खाण्यासोबतचं दोन-तीन तासांचं टेस्टिंग घ्यावं, की रेस्टॉरंटमध्ये एखादी बाटली मागवून भागेल?

टेस्टिंग जरूर घ्या, आणि पहिल्या किंवा दुसऱ्याच संध्याकाळी घ्या. म्हणजे उरलेले दिवस वाइन कार्ड हातात आलं की काय मागायचं ते कळेल. मी कामानिमित्त बुडापेस्टमध्येच राहते, घरी येणाऱ्या जवळजवळ प्रत्येक पाहुण्याला अशा टेस्टिंगला नेते. नुसती एक बाटली मागवून हंगेरीची वाइन कळत नाही, असं माझं ठाम मत आहे.

एक तर हा देश लहान, पण वाइनचे अधिकृत प्रदेश 22, आणि द्राक्षांचे वाण असे की बाहेर नावही ऐकू येत नाही: फुर्मिंत, हार्शलेवेलू, युहफार्क, कादार्का, केकन्येलू. नाशिकला शेनिन ब्लांक, शिराझ ही नावं कानावरून गेलेली असतात, त्यांचा इथे फारसा उपयोग होत नाही. पण त्याहून मोठं कारण आम्लतेचं आहे. इथल्या बऱ्याच चांगल्या वाइन, विशेषतः ज्वालामुखीच्या जमिनीवरच्या पांढऱ्या वाइन, चांगल्याच आंबट असतात. रिकाम्या पोटी, सोबत काही न खाता प्यायलात तर पहिल्याच घोटाला तोंड वाकडं होईल. हंगेरीचं स्वयंपाकघर मात्र डुकराची चरबी, आंबट साय आणि पाप्रिका (लाल मिरचीची पूड) यांच्यावर चालतं. असं तुपकट काही खाऊन तीच वाइन पुन्हा प्या. जीभ स्वच्छ होते, मघाशी टोचणारा आंबटपणा हवासा वाटतो आणि त्याच्यामागे दडलेला नाशपतीचा, क्विन्स या नाशपतीसारख्या फळाचा, दगडी खनिजाचा स्वाद वर येतो. हे शब्दांत सांगून पटत नाही. म्हणूनच खाण्यासोबतचं टेस्टिंग.

साधारणपणे पाच ते आठ वाइन असतात, प्रत्येकीचा छोटा घोट. सुरुवातीला बहुतेक वेळा इर्शाई ओलिवेरसारखी हलकी, फुलांच्या वासाची पांढरी येते. छान लागते, फार विचार करायला लावत नाही. तिच्यात अडकू नका.

खरी संध्याकाळ कोरड्या, म्हणजे गोड नसलेल्या, फुर्मिंतपासून सुरू होते. फुर्मिंत हा ईशान्येकडच्या टोकाय प्रदेशाचा मुख्य वाण. शतकानुशतकं तो गोड वाइनसाठीच ओळखला गेला. एकाच मळ्याच्या नावाने विकली जाणारी, जपून बनवलेली कोरडी फुर्मिंत ही मुख्यतः 2000 नंतरची गोष्ट आहे. म्हणजे तुम्ही जी पिणार आहात ती जुन्या प्रदेशातली अगदी तरुण परंपरा आहे, आणि मला तीच हंगेरीची सगळ्यात सुंदर वाइन वाटते. सोबत बहुधा क्योरोझोत देतात: मेंढीच्या दुधाच्या मऊ चीजमध्ये पाप्रिका, कांदा आणि शहाजिरं कालवलेलं, पावावर लावून खायचं. पत्नीसाठी ही जोडी अगदी नेमकी आहे. आधी नुसती वाइन, मग क्योरोझोतचा घास, मग पुन्हा वाइन, असं तीन टप्प्यांचं चक्र पूर्ण करा. घाई करू नका, या एका ग्लासला दहा मिनिटं द्या.

त्यानंतर शोम्लोची युहफार्क मिळाली तर नशीब समजा. शोम्लो म्हणजे सपाट मैदानात एकटाच उभा असलेला विझलेला ज्वालामुखी, वर बेसाल्टचा थर. मळे लहान, उत्पादन कमी. वाइनला धुराचा, किंचित खारट असा कडक स्वभाव असतो. ही वाइन लग्नाच्या रात्री प्यायली की मुलगाच होतो अशी जुनी समजूत आहे, आणि हाब्सबुर्ग राजघराण्यातही ती पाळली जायची, असं टेस्टिंग घेणारे हमखास सांगतात. तिच्याऐवजी बालाटोन सरोवराकाठच्या बादाचोन्यची केकन्येलू आली तरी तक्रार करू नका. या वेलीची फुलं फक्त मादी असतात, त्यामुळे परागीभवनासाठी शेजारी दुसरा वाण लावावा लागतो. एवढे कष्ट घेऊनही शेतकऱ्यांनी ती सोडली नाही, याचं मला फार कौतुक वाटतं.

लाल वाइनकडे वळताना उत्तरेकडच्या एगेर शहराची बिकावेर येणारच. नावाचा अर्थ बैलाचं रक्त, आणि त्यामागची कथाही तुम्हाला ऐकवली जाईल: 1552 मध्ये ऑटोमन सैन्याने एगेरच्या किल्ल्याला वेढा घातला. किल्लेदार इश्तवान दोबोच्या माणसांच्या दाढ्या लाल वाइनने माखलेल्या पाहून शत्रूला वाटलं की हे बैलाचं रक्त पिऊन लढतात. वेढा खरा, मूठभर लोकांनी किल्ला राखला हेही खरं. वाइनचा भाग मात्र दंतकथाच समजा, कारण लाल वाइन बनवण्याची रीत एगेरमध्ये नंतर रुजली असं अभ्यासक सांगतात. बिकावेर हे अनेक वाणांचं मिश्रण आहे, पाया केकफ्रांकोशचा. कम्युनिस्ट राजवटीत सरकारी कारखान्यांनी ती स्वस्तात आणि प्रचंड प्रमाणात बनवली, सोव्हिएत बाजारात आणि पश्चिमेकडे पाठवली, आणि तिचं नाव पार घसरलं. जुन्या पिढीतल्या एखाद्या युरोपीय माणसाला विचारलंत तर तो नाक मुरडेल. 1990 नंतर कुटुंबांनी पुन्हा स्वतःचे मळे धरले. आता बाटलीवर 'सुपीरियर' किंवा 'ग्रँड सुपीरियर' लिहिलेलं असेल तर उत्पन्नाची मर्यादा आणि मुरवण्याचे नियम कडक असतात. तीच मागा.

माझी आवडती लाल मात्र दक्षिणेकडच्या सेक्सार्दची कादार्का. रंग फिका, अंग हलकं, वासात लाल बेरी आणि मिरी. बाल्कनमधून आलेला हा वाण एके काळी बिकावेरचाही कणा होता. तो नाजूक आहे, लवकर कुजतो, म्हणून मागे पडला. मराठी जिभेला ही वाइन लवकर आवडते आणि त्याला कारण आहे. भारी लाल वाइनमधला तुरटपणा आणि मिरचीचा तिखटपणा एकत्र आले की दोन्ही भडकतात आणि तोंड जळतं. कादार्कात तुरटपणा कमी असतो, त्यामुळे पाप्रिका घातलेल्या सॉसेजसोबत किंवा तिखट रश्श्यासोबत ती सहज जाते. मिरचीही दोन्हीकडे अमेरिकेतूनच आली, आपल्याकडे पोर्तुगीजांमार्फत, इथे ऑटोमन वाटेने. दक्षिणेकडच्याच विल्लान्यची काबेर्ने फ्रांक ही लाल वाइन दणदणीत असते, मांसाहाऱ्यांनी चाखावी, पण तुमच्या पहिल्या संध्याकाळी ती नसली तरी चालेल.

शेवटी टोकायची गोड वाइन, ऑसू. इथे थांबून नीट समजून घ्या, कारण अशी वाइन जगात फार थोड्या ठिकाणी होते. बोद्रोग आणि तिसा या नद्यांच्या संगमाजवळ शरद ऋतूत सकाळी धुकं धरतं, दुपारी ऊन पडतं. त्या दमट-कोरड्या खेळात पिकलेल्या द्राक्षांवर बोट्रायटिस नावाची बुरशी चढते. ती सालीला बारीक छिद्रं पाडते, पाणी उडून जातं, साखर आणि आम्ल घट्ट होतात आणि मनुक्यासारखा दाणा उरतो. हे दाणे घडातून एकेक करून हाताने वेचतात, त्यासाठी त्याच मळ्यात पुन्हा पुन्हा फिरावं लागतं. मग ते ताज्या रसात किंवा वाइनमध्ये भिजवून दाबतात, आंबवतात आणि किमान 18 महिने लाकडी पिंपात मुरवतात. पूर्वी गोडी टोपल्यांनी मोजत. 136 लिटरच्या पिंपात सुमारे 25 किलोच्या किती टोपल्या दाणे घातले, तो आकडा म्हणजे पुत्तोन्योश. आता साखर थेट मोजतात. 2013 च्या नियमांनंतर 3 आणि 4 पुत्तोन्योशचे वर्ग गेले. ऑसूमध्ये लिटरला किमान 120 ग्रॅम साखर लागते आणि 6 पुत्तोन्योशसाठी 150.

आकडा ऐकून घाबरायला होतं, कारण कोलासारख्या पेयापेक्षाही ही साखर जास्त आहे. पण ऑसू चिकट किंवा मिट्ट लागत नाही, तिथे पुन्हा फुर्मिंतची तीच आम्लता कामाला येते. पुरणपोळीच्या ताटात कटाची आमटी जे करते, ते इथे एकाच घोटात होतं. जर्दाळू, मध, संत्र्याची साल, कधी केशराचा भास, आणि गोडी संपेपर्यंत आंबटपणा मागे उभा. म्हणून मी पाहुण्यांना सांगते की सुरुवातीच्या कोरड्या फुर्मिंतचा एक घोट ग्लासात राखून ठेवा आणि ऑसूच्या शेजारी ठेवून पुन्हा चाखा. या देशाची अख्खी वाइन त्या दोन ग्लासांत दिसते. हंगेरीच्या राष्ट्रगीतातही टोकायच्या वेलींवर अमृत ठिबकवल्याबद्दल देवाचे आभार मानलेले आहेत.

ऑसूसोबत पारंपरिक जोडी हंसाच्या यकृताची. शाकाहारी पर्याय तितकाच तोलाचा आहे: निळ्या बुरशीचं खारट चीज आणि अक्रोड. फार गोड केक सोबत घेऊ नका, वाइनपेक्षा गोड पदार्थ खाल्ला की वाइन फिकी आणि आंबट वाटते. काही ठिकाणी चमचाभर एसेन्सिया देऊ करतात. ऑसूचे दाणे साठवताना त्यांच्याच वजनाने जो रस ठिबकतो तो हा, लिटरला किमान 450 ग्रॅम साखर. महाग असते, पण चमचाच पुरे.

आता शाकाहाराबद्दल. बुकिंग करतानाच स्पष्ट लिहा, तिथे पोचल्यावर सांगितलं तर पत्नीच्या वाट्याला पाव आणि काकडी येईल. मांस, मासे यांच्यासोबत 'डुकराची चरबी नको' हेही वेगळं लिहा, कारण भाज्या आणि खारे पदार्थही चरबीत करतात. ढोबळी मिरची आणि टोमॅटोची लेचो दिसायला शाकाहारी, पण अनेकदा चरबीत परतलेली आणि सॉसेज घातलेली असते. पोगाचा नावाच्या छोट्या खाऱ्या पावांमध्ये चीजचे असतात तसे डुकराच्या कुरकुरीत चरबीचेही असतात. विचारून घ्या.

बुकिंगआधी मी आणखी दोन गोष्टी पाहते: वाइन कोणत्या मळ्यांच्या आहेत ते सांगतात का, आणि खाणं प्रत्येक वाइनबरोबर वेगळं येतं की एकच थाळी मध्ये ठेवतात. वेगळं येत असेल तर थोडे जास्त पैसे द्यायला हरकत नाही. सगळे घोट संपवायची सक्ती नसते, ओतायला भांडं असतं आणि कुणी वाईट मानत नाही. गाडी भाड्याने घेतली असेल तर त्या संध्याकाळी हॉटेलवरच ठेवा, हंगेरीत दारू पिऊन गाडी चालवण्याची मर्यादा शून्य आहे.

बाटल्या घरी न्यायच्या तर ऑसूच न्या. तिची बाटली अर्ध्या लिटरची असते, आणि भारतात प्रत्येक प्रौढ प्रवाशाला 2 लिटरपर्यंत मद्य शुल्काशिवाय आणता येतं. उघडल्यावरही ती फ्रीजमध्ये काही आठवडे टिकते, त्यामुळे जेवणानंतर थोडी थोडी घेता येते. लेबलवर 'साराझ' म्हणजे कोरडी आणि 'एदेश' म्हणजे गोड, एवढं लक्षात ठेवलंत तरी दुकानात चूक होणार नाही. कोरडी सामोरोद्नी दिसली तर तीही घ्या. बुरशी धरलेले आणि साधे दाणे एकत्र असलेले अख्खे घड दाबून ती करतात, चव सुक्यामेव्याकडे झुकणारी. मी घरी ती कांदाभजीसोबत घेते आणि फार आवडीने घेते.

ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये येत असाल तर चारातला एक दिवस टोकायला द्या. बुडापेस्टच्या केलेती स्थानकावरून रेल्वेने साधारण अडीच तास लागतात, हा प्रदेश 2002 पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे, आणि त्या दिवसांत दाणे वेचताना पाहायला मिळू शकतं. तळघरांच्या भिंतींवर काळी मऊ बुरशी दिसेल, ती घाण नाही, वाइनच्या वाफांवर वाढते. आत वर्षभर 10-12 अंश तापमान असतं, स्वेटर बरोबर ठेवा.