आपल्या म्हणी रागावतात का?

प्रिय पिल्लू,

आजीच्या फोनवरून तू पाठवलेला निरोप ऐकला. मराठी वर्गाच्या फलकासाठी तुला पाच वचनं हवी आहेत: प्रेमाची, चिकाटीची, पुन्हा सुरुवात करण्याची. त्यासाठी तू आजीकडून म्हणी गोळा केल्यास आणि हाती काय आलं, तर गाढवाला गुळाची चव काय, उथळ पाण्याला खळखळाट फार, नाचता येईना अंगण वाकडं. वर तुझा प्रश्न: "आई, आपल्या म्हणी नेहमी रागावतातच का? हिंदीत तर 'मन के हारे हार है, मन के जीते जीत' आहे. आपल्यात असं छान काहीच नाही?"

आज शुक्रवार, इथे मस्कतला शाळेला सुट्टी आहे. वह्या तपासायच्या राहिल्यात, पण आधी हे पत्र.

रागावतात, हे खरं आहे. घाईत असलेल्या मोठ्या माणसाने समोरच्याचं काहीतरी चुकताना पाहिलं, की तोंडून म्हण निघते. कौतुक करायला आपल्याकडे कुणी म्हण शोधत बसत नाही, ताटात आणखी एक पुरणपोळी पडते. पण आशेची वचनं आपल्याकडे भरपूर आहेत. तुला ती दिसली नाहीत, कारण त्यांत बहुतेक वेळा कुणीतरी काम करत असतं आणि आपल्याला वाटतं हेही कामालाच लावतायत.

प्रेमाचंच बघ. "घार हिंडते आकाशी, चित्त तिचे पिलांपाशी" ही म्हण तू ऐकली असशील. जनाबाईच्या अभंगात त्याच्या आधी एक ओळ येते: "पक्षी जाय दिगंतरा, बाळकांसी आणी चारा." पक्षी लांब गेलाय, कारण चारा आणायचाय. पुढे येते "माता गुंतली कामासी, चित्त तिचे बाळापाशी". मग माकडीण येते, पोटाशी पिलू धरून झाडावर हिंडणारी. आणि शेवटी जनाबाई सांगते की विठ्ठल आपली अशीच माय आहे. सगळ्या अभंगात रिकामं बसलेलं कुणी नाही. जनाबाई स्वतः नामदेवांच्या घरी दळणकांडण करायची, तिला हात रिकामे ठेवून केलेलं प्रेम सुचलंच नसावं.

ही ओळ मी मुद्दाम आधी सांगितली. घराचं कर्ज फिटेपर्यंत मी इथे आहे, हे तुला माहीत आहे. तुला ते आवडत नाही, हे मला माहीत आहे. तुझी समजूत घालण्यासाठी जनाबाईला मध्ये घातलं असं समजू नकोस. पण फलकावर प्रेमाचं एकच वचन लिहायचं असेल, तर मी हे निवडीन. दोन माणसं लांब असतानाही तुटत नाहीत, हे ती किती साधेपणाने सांगते.

आता चिकाटी. सगळ्यांना पाठ असलेलं वचन म्हणजे "प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे". शाळेच्या भिंतीवर असतं, शिकवणीच्या पाटीवर असतं. पण पुढच्या ओळी कुणी रंगवत नाही. भर्तृहरीच्या संस्कृत श्लोकाचं सतराव्या शतकात वामन पंडितांनी मराठी केलं, त्यातली ही पहिली ओळ. पुढे ते म्हणतात, मृगजळ पिऊन तहानही भागेल, रानात हिंडता हिंडता सशाचं शिंगसुद्धा सापडेल, परंतु मूर्खाचं मन काही राखता येणार नाही! म्हणजे मूळ श्लोक प्रयत्नाचं कौतुक करायला लिहिलेलाच नाही. मूर्खापुढे डोकं फोडू नका, एवढंच त्याचं सांगणं. तरी मराठी माणसाने शेवटची ओळ सोडली, पहिली उचलली आणि तिची आशा केली. मला हे फार आवडतं. तू खुशाल लिही, फक्त बाईंनी पुढची ओळ विचारली तर तयार राहा.

त्यापेक्षा तुकोबांचं घे. "असाध्य ते साध्य करिता सायास, कारण अभ्यास, तुका म्हणे" हे सगळेच लिहितील. तू दुसरं लिही: "ओले मूळ भेदी खडकाचे अंग." जुन्या वाड्याच्या दगडी भिंतीतून वर आलेला पिंपळ तू पाहिला आहेस. मूळ बारीक आणि मऊ, दगड कठीण, तरी चिरतो दगडच. त्याच अभंगात पुढे दोराने चिरा कापला जातो असं म्हटलंय. पुढच्या वेळी एखादी जुनी विहीर दिसली की काठावर दोराच्या खाचा आहेत का बघ. हात लावून बघ, नुसता फोटो काढू नकोस. मुळाला तुकोबांनी "ओले" म्हटलंय तेही लक्षात ठेव. गणितात अडलीस की आधी पाणी पी, थोडी खेळून ये आणि मग पुन्हा बस. सुकून गेलेल्या डोक्याने दोन तास रेटण्यात काही अर्थ नाही. हा अर्थ माझा, तुकोबांच्या नावावर घालू नकोस.

पुन्हा सुरुवात करण्यासाठी दोन वचनं. पहिलं आजीचं लाडकं, "झालं गेलं गंगेला मिळालं". (आपल्या इंदुरात नळाला नर्मदा येते, पण म्हणीत गंगाच.) दुसरं "पुनश्च हरिओम". लोकमान्य टिळकांना १८९७ साली राजद्रोहाची शिक्षा झाली, ते पुढच्या वर्षी सुटले. १८९९ मध्ये 'केसरी'त पुन्हा लिहू लागले, तेव्हा अग्रलेखाला त्यांनी हेच नाव दिलं. आज माणसं ते कशालाही वापरतात, मोडलेला व्यायाम पुन्हा सुरू केला तरी. वापरू देत.

अहिल्याबाईंचं काही लिहावं असं तुझ्या मनात येईल, रोज राजवाड्यासमोर त्यांचा पुतळा दिसतो म्हणून. त्यांच्या नावावर गोडगोड वाक्यं फिरतात, ती उचलू नकोस. त्यांच्या तारखा लिही. १७५४ मध्ये कुंभेरीच्या वेढ्यात पती गेले, १७६६ मध्ये सासरे मल्हारराव, १७६७ मध्ये मुलगा मालेराव. त्याच वर्षी त्यांनी कारभार हाती घेतला आणि १७९५ पर्यंत चालवला. राजधानी महेश्वरला नेली, तिथे विणकर आणून वसवले. आजीची कपाटातली महेश्वरी साडी त्याच गावच्या मागावरची आहे.

आता माझी सगळ्यात आवडती ओळ. म्हणींच्या पुस्तकात तू ती शोधणारच नाहीस, कारण ती आपण ओरडतो: "पुढच्या वर्षी लवकर या!" मूर्ती पाण्यात जात असते आणि आपण पुढच्या वेळेचं आमंत्रण देत असतो, तेही लवकर या म्हणून. इंदुरात याची गंमत आणखी आहे. अनंत चतुर्दशीला रात्रभर झांक्या, म्हणजे सजवलेले देखावे, निघतात, त्या मुळात कापड गिरण्यांच्या कामगारांच्या. हुकुमचंद मिल १९९१ साली बंद पडली, बाकीच्याही एकेक करून गेल्या. हुकुमचंदच्या कामगारांच्या देण्याचे पैसे मिळायला २०२३ उजाडलं. एवढ्या वर्षांत भोंगा वाजला नाही, पगार नाही, पण झांक्या निघत राहिल्या. चंदा गोळा करायचा, जिथून मिळेल तिथून मदत घ्यायची, आणि दिवे लावून, हलत्या मूर्ती घेऊन गिरणीच्या नावाने रस्त्यावर यायचं. तू आजीच्या मांडीवर पेंगत जी झांकी पाहिलीस, ती बंद गिरणीची होती. हे तुला तेव्हा कुणी सांगितलं नाही, कारण तू हत्तीची सोंड हलते का तेवढंच बघत होतीस.

तर तुझी पाच अशी: जनाबाईचा पक्षी, तुकोबांचं ओलं मूळ, गंगेला मिळालं, पुनश्च हरिओम आणि पुढच्या वर्षी लवकर या. वाळूचं तेल सहावं म्हणून ठेव, जागा उरली तर. रागावणाऱ्या म्हणीही फेकू नकोस, वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेव, भांडणात कामाला येतात.

'पुनश्च'मधला श्च आजीकडून गिरवून घे, मोठ्या अक्षरात तो बिघडतो. आणि पुठ्ठा पिवळा घेतलास तर अक्षरं निळी कर, लाल नको, लांबून वाचता येत नाहीत. फलक लागला की फोटो पाठव, आजीला बाजूला उभं करून.

तुझी,
आई