गावाकडचं हलकंफुलकं विनोदी काही वाचायला सुचवाल का?

डोळे झाकून द. मा. मिरासदार घ्या. ते आपल्या सोलापूर जिल्ह्यातलेच, जन्म अकलूजचा, १९२७ चा, आणि शिक्षण अकलूज-पंढरपूरला, त्यामुळं त्यांच्या गोष्टीतला पार, चावडी, शाळामास्तर, बिनकामाच्या गप्पा हाणणारी मंडळी सगळी ओळखीची वाटतात. भोकरवाडीच्या गोष्टींपासून सुरू करा, त्यातला नाना चेंगट तर मला लई आवडतो. गावातल्या माणसाला मूर्ख ठरवून हसवलेलं मला अजिबात चालत नाही, इथं तसं होत नाही, माणसं इरसाल असतात पण लेखकाचा त्यांच्यावर जीव असतो. शंकर पाटील, व्यंकटेश माडगूळकर यांच्याबरोबर ते गावोगाव कथाकथन करायचे, म्हणून शक्यतो घरात चारजण बसवून मोठ्यानं वाचा, जास्त मजा येते.