सासूबाईंनी टीव्ही मध्येच का बंद केला?

न्यू जर्सीहून एका ताईंचं पत्र आलंय. माहेर सांगलीचं, सासर धारवाडचं, घरात मराठी, कन्नड आणि इंग्रजीची सरमिसळ. दुसरं बाळंतपण होऊन चौदा महिने झाले. बाळंतपणानंतर दहाव्या दिवसापासून त्यांची झोप उडाली, बाळ कुणीतरी बदललंय असं वाटायला लागलं, आणि शेवटी बारा दिवस इस्पितळात राहावं लागलं. आता त्या बऱ्या आहेत. गोळ्या चालू आहेत, डॉक्टर समाधानी आहेत. सासू-सासरे सहा महिन्यांसाठी आलेत. पुढचं त्यांच्याच शब्दांत:

"सुऱ्या वरच्या कपाटात गेल्यात. बाळाच्या अंघोळीसाठी मी उठते, तोवर सासूबाई पाणी काढून बसलेल्या असतात. परवा बहिणीशी फोनवर बोलताना मी खळखळून हसले, तर हॉलमधलं बोलणं एकदम थांबलं. आणि गेल्या रविवारी त्यांनी स्वतःहून 'शरपंजर' लावला. मी खालची इंग्रजी अक्षरं वाचत बघत होते. ती बाई इस्पितळातून घरी येते तिथवर आलो, सासूबाईंनी पदराने डोळे पुसले आणि टीव्ही बंद केला. मला टोमणा मारायलाच लावला होता का हो तो सिनेमा?"

ताई, मला तसं वाटत नाही. का, ते सांगते.

'शरपंजर' हा १९७१ सालचा कन्नड सिनेमा. दिग्दर्शक पुट्टण्णा कणगाल, आणि कावेरीच्या भूमिकेत कल्पना. मूळ कादंबरी त्रिवेणी यांची. बाईच्या मनाला आजार होतो आणि तो आजारच असतो, हे त्यांनी त्या काळात कन्नडमध्ये लिहिलं. १९६३ साली मुलीच्या जन्मानंतर थोड्याच दिवसांत त्या गेल्या. वय अवघं ३४. सिनेमातल्या कावेरीचा संसार सुखाचा असतो. दुसऱ्या बाळंतपणानंतर तिचं मन ढळतं, उपचार होतात, बरी होऊन ती घरी येते. मला विचाराल तर गोष्ट तिथून सुरू होते. नवरा दुरावलाय, दुसरीकडे गुंतलाय. घरात, शेजारीपाजारी कुजबुज. ती साधं काही बोलली तरी समोरचा आधी तिचा चेहरा निरखतो. वनवास संपवून परत आलेल्या सीतेचं एक गाणं आहे त्यात. परत आल्यावर सीतेचं काय झालं, ते आपल्याला कुणी सांगायला नको. शरपंजर हा शब्द आपण भीष्मांमुळे ओळखतो. कावेरीच्या अंगातले बाण मात्र घरातल्याच माणसांचे आहेत, आणि एकेकटा धरला तर प्रत्येक बाण अगदी बारीक आहे. शेवटी ती पुन्हा आजारी पडते.

सासूबाईंच्या वयाच्या कन्नड बायकांना हा शेवट तोंडपाठ असतो. टोमणाच मारायचा असता तर त्यांनी तुम्हाला शेवटपर्यंत बसवलं असतं. त्यांनी तर नेमका त्याच्या आधी टीव्ही बंद केला. माझी समजूत अशी, की जे बोलायला त्यांच्याकडे शब्द नाहीत ते त्यांनी सिनेमाकडून बोलवून घ्यायचा प्रयत्न केला, आणि स्वतःच घाबरल्या. मी चुकत असेन. म्हणून त्यांनाच विचारा. "का लावलात?" असं नको, ते जाब विचारल्यासारखं वाटेल. दुपारच्या चहाला म्हणा, "आई, परवा राहिला तो सिनेमा. त्यातलं ते 'उत्तर ध्रुवदिं दक्षिण ध्रुवकू' बेंद्रेंचं ना?" ती कविता द. रा. बेंद्रे यांचीच आहे. बेंद्रे धारवाडच्या साधनकेरीत राहायचे, घरची भाषा मराठी, सोलापुरात कॉलेजात शिकवलेलं, आणि कविता कन्नडमधली. सांगलीची सून आणि धारवाडची सासू यांना बोलायला याहून चांगली जागा मला तरी सुचत नाही. गाण्यावरून त्या बोलायला लागल्या की कावेरीवर येतीलच. त्या वेळी बोलू द्या. मध्ये तोडू नका.

आता तुमच्या यजमानांसाठी. हे त्यांना वाचायला द्या, कारण पत्रभर मी त्यांना शोधत होते आणि ते मला फक्त एका ओळीत सापडले: "हे म्हणतात, आई आहे, जाऊ दे." दादा, जाऊ देऊन चालणार नाही. तुमच्या बायकोला काय झालं होतं, हे तुमच्या आईला तिच्या भाषेत कुणी नीट सांगितलंय का? सून काय सांगणार, आणि सांगितलं तरी 'ही स्वतःची बाजू मांडतेय' असंच वाटणार. ते काम तुमचं आहे. कन्नडमध्ये, आई-वडील दोघांना समोर बसवून सांगा. या आजाराला डॉक्टरी नाव आहे, पोस्टपार्टम सायकोसिस. हजार बाळंतिणींमागे एक-दोघींना तो होतो. बहुतेक वेळा पहिल्या दोन आठवड्यांतच सुरू होतो. तो करणी नाही, माहेरच्या खानदानाचा दोष नाही, सुनेचा हट्टीपणा नाही, आणि उपचारांनी बहुतेक बायका पूर्ण बऱ्या होतात. पुढच्या भेटीला आईंना डॉक्टरांकडे घेऊन जा. तिकडच्या इस्पितळांत फोनवरून दुभाषी फुकट मिळतो, कन्नडचाही मागता येतो. आईंना त्यांचे प्रश्न त्यांच्या तोंडाने विचारू द्या. "बाळाला हिच्याजवळ एकटं ठेवू का?" हा प्रश्न त्यांना दिवसरात्र छळत असणार. त्याचं उत्तर डॉक्टरांच्या तोंडून ऐकल्याशिवाय सुऱ्या खालच्या ड्रॉवरमध्ये परत येणार नाहीत.

आणि ताई, सासूबाईंच्या भीतीला अगदीच पाया नाही, हेही मनात असू द्या. आजार उलटू शकतो. पुढच्या बाळंतपणात तर त्याची शक्यता बरीच असते. तिसऱ्याचा विचार कधी केलात तर दिवस जायच्या आधी डॉक्टरांना सांगा, आणि गोळ्या स्वतःच्या मनाने बंद करू नका. पण उलटण्याच्या खुणा ठरलेल्या असतात: सलग दोन रात्री झोप नाही आणि झोपेची गरजही वाटत नाही, बोलण्याचा वेग वाढतो, जवळच्या माणसांचा संशय येतो, जे नाही ते दिसतं-ऐकू येतं. तुमच्या बाबतीत 'बाळ बदललंय' हीसुद्धा एक. डॉक्टरांसोबत बसून तुमच्या खुणा एका कागदावर लिहा. मराठीत, आणि यजमानांकडून कन्नडमध्ये. खाली फोन कुणाला करायचा ते लिहा. चौघांनी एकत्र बसून वाचा आणि कपाटाच्या आतल्या बाजूला चिकटवा.

या कागदाचा खरा उपयोग त्यात जे लिहिलेलं नाही त्यासाठी आहे. खळखळून हसणं त्यात नाही. आमटीत मीठ जास्त पडणं नाही. आईचा फोन ठेवल्यावर डोळ्यांत पाणी येणं नाही, थोरल्यावर ओरडणं नाही, सासूबाईंचा राग येणं तर नाहीच नाही. कागदावरचं काही दिसलं तर घरातल्या कुणीही, हो, सासूबाईंनीही, लगेच बोलायचं आणि तुम्ही रागवायचं नाही. कागदावर नाही त्याबद्दल कुणी कुणाकडे बघायचं नाही. एवढा करार चौघांत व्हायला हवा. एरवी घर कसं चाललंय त्यात मी पडणार नाही. बाळंतपणात त्या आल्या तेव्हा ओव्याच्या धुरीने स्मोक अलार्म वाजला आणि भांडण झालं, असंही तुम्ही लिहिलंय. तसली भांडणं खुशाल होऊ द्या.

मंडळात कुणाला सांगायचं, असंही विचारलंय. सांगायलाच हवं असं काही नाही. पण "व्हायरल झालं होतं" असली थाप ठरवून मारू नका, ती सासऱ्यांनी एकीकडे आणि तुम्ही दुसरीकडे वेगवेगळी सांगितलीत की कुजबुज तिथूनच सुरू होईल. "बाळंतपणानंतर आजारी होते, आता बरी आहे," एवढं खरं आहे आणि पुरेसं आहे.

अमेरिकेत नुकत्याच बाळंत झालेल्या दुसऱ्या कुणी हे वाचत असतील तर १-८३३-८५२-६२६२ हा सरकारी फोन चोवीस तास, फुकट चालू असतो. ऑस्ट्रेलियात 'पांडा' या संस्थेचा १३०० ७२६ ३०६, तो मात्र चोवीस तास चालू नसतो. नुसती हुरहुर, रडू येणं दोन आठवड्यांत ओसरतं. त्यापुढे रेंगाळलं तर फोन करा. आणि झोप पूर्ण उडून भलतंच काही वाटायला लागलं तर दोन तासही थांबू नका, थेट इस्पितळ गाठा.

ताई, तुमच्यासाठी शेवटचं. डॉक्टरांनी सासूबाईंसमोर हो म्हटलं, की दुसऱ्याच दिवशी बाळाच्या अंघोळीचं पाणी तुम्ही काढा. सासूबाईंना बाहेर पाठवू नका. त्यांना दाराशी पाटावर बसवा, हातात टॉवेल द्या, आणि धारवाडकडे बाळाला न्हाऊ घालताना काय म्हणतात ते म्हणायला सांगा.