इंग्रजीत एखाद्याला 'रॅट' म्हटलं की त्याचा अर्थ काय?

फितूर. आपल्याच साथीदारांची नावं पोलिसांना किंवा साहेबांना सांगणारा, किंवा ऐनवेळी साथ सोडणारा. बुडत्या जहाजातून उंदीर आधी पळतात, या जुन्या समजुतीवरून हा शब्द आधी पक्ष बदलणाऱ्यांना आणि संप मोडणाऱ्या कामगारांना चिकटला. चुगलखोराला तो नंतर लागला. म्हणून भाषांतरात 'उंदीर' लिहू नका, मराठीत त्यातून भित्रेपणाच जास्त जाणवतो. 'फितूर'मध्ये मात्र दोन्ही छटा येतात, साक्षीदारसुद्धा फितूरच होतो ना!

फक्त 'आय स्मेल अ रॅट' यात घालू नका. तिथे फितुरी नाही, नुसता संशय: कुठेतरी पाणी मुरतंय.